कृत्तिकांची साक्ष
(शं. बा. दीक्षितांचा ग्रंथ पुन्हा वाचताना)

माळव्यात वा ग्वाल्हेरीकडे पिढ्यान्‌पिढ्या नांदणाऱ्या मराठी घरांना एक गोष्ट समजावून सांगावी लागत नाही. शेजारी ‘सावन’ लागतो तेव्हा आपल्याकडे आषाढाचा वद्य पक्ष चालू असतो. कृष्णजन्माची रात्र दोघांचीही तीच, पण आपण तिला श्रावण वद्य अष्टमी म्हणतो आणि शेजारी भाद्रपद कृष्ण अष्टमी. बडोद्याकडच्या मंडळींचा महिना शेजाऱ्यांप्रमाणेच अमावास्येला संपतो, पण शेजाऱ्यांचे नवे वर्ष कार्तिकात उजाडते आणि आपले चैत्रात. ‘खरी कालगणना कोणाची?’ हा वाद आपल्या ओसऱ्यांवर अनेकदा रंगला आहे, आणि त्यात ‘आमचीच प्राचीन’ हे पालुपद ठरलेले असते. या वादाचे मूळ शोधू जाता आम्ही पुन्हा एकदा शंकर बाळकृष्ण दीक्षितांच्या ‘भारतीय ज्योतिःशास्त्र’ या ग्रंथापाशी येऊन थांबलो.

दीक्षित (१८५३–१८९८) हे दापोलीजवळच्या मुरूडचे, व्यवसायाने शिक्षक. हा ग्रंथ १८९६ साली पुण्यात प्रसिद्ध झाला आणि दोनच वर्षांनी ग्रंथकार वारले. वैदिक काळापासून अर्वाचीन पंचांगांपर्यंतचा एवढा विस्तीर्ण इतिहास प्रथम मराठीत लिहिला गेला आणि पुढे त्याची हिंदी व इंग्रजी भाषांतरे झाली, ही गोष्ट आपल्या भाषेला भूषणावह आहे. परंतु भूषणाची गोष्ट एकदा सांगून झाली की ग्रंथ कपाटात जातो, असा अनुभव आहे. म्हणून त्याच्या पहिल्या भागाची, म्हणजे वैदिक व वेदांग काळाच्या विवेचनाची, येथे थोडी परीक्षा करावी असे योजिले आहे.

प्रथम महिन्याचा प्रश्न घेऊ. तैत्तिरीय संहितेत वर्षभर चालणाऱ्या सत्राच्या प्रकरणात, कोणी अमावास्येने महिना पुरा करतात तर कोणी पौर्णिमेने, अशा दोन्ही चाली शेजारीशेजारी नोंदलेल्या आहेत. दीक्षित या उताऱ्याकडे लक्ष वेधतात आणि दोन्ही पद्धती जुन्याच आहेत, एवढेच त्यातून काढतात. एकीला मूळ आणि दुसरीला भेसळ ठरविण्याचा मोह त्यांना होत नाही. यज्ञ करणाऱ्या त्या समाजाला नेमका दिवस हवा होता. दर्श आणि पूर्णमास या दोन्ही इष्टी त्यांना कराव्या लागत. चंद्राचा कोणता टोकबिंदू महिन्याचा शेवट मानायचा हा त्यांच्या दृष्टीने संकेताचा भाग होता.

वेदांगज्योतिषाचे प्रकरण याहून बोलके आहे. लगधाच्या या लहानशा ग्रंथात पाच वर्षांचे युग, त्याचे १८३० दिवस, ६२ चांद्रमास आणि त्यांत दोन अधिकमास, अशी बांधणी आहे. त्यात सात वारांना स्थान नाही. सारे गणित नक्षत्रांवर आणि तिथींवर उभे आहे. आता हिशेब पाहावा. ऋतूंची पाच वर्षे खरोखर १८२६ दिवसांहून किंचित अधिक असतात, म्हणजे युग पावणेचार दिवसांनी लांबले. उलट ६२ चांद्रमासांना जवळजवळ १८३१ दिवस लागतात, म्हणजे तेथे युग सुमारे एका दिवसाने तोकडे पडले. पंचवीस वर्षे हे गणित आंधळेपणाने चालवले तर गणिताची अमावास्या आणि आकाशातली अमावास्या यांत चार-साडेचार दिवसांचे अंतर पडेल. ९५ वर्षांत या रीतीने ३८ अधिकमास येतील. ऋतू सांभाळायचे तर ३५ पुरतात. तेव्हा ज्या लोकांनी ही रीत वापरली त्यांनी ती मधूनमधून आकाशाकडे पाहून दुरुस्त केली असलीच पाहिजे. हा ग्रंथ वाचताना आम्हांस सर्वांत जवळचा वाटला तो हा अलिखित माणूस, पोथीतला आकडा बाजूस ठेवून पश्चिमेला चंद्राची कोर शोधणारा.

ग्रंथातील सर्वांत गाजलेले प्रतिपादन मात्र कृत्तिकांचे. अग्न्याधानासाठी नक्षत्र सांगताना शतपथ ब्राह्मण म्हणते की कृत्तिका पूर्व दिशेपासून ढळत नाहीत, इतर नक्षत्रे ढळतात. जे नक्षत्र नेमके पूर्वेस उगवते ते विषुववृत्तावर असते. कृत्तिका तेथे इ. स. पूर्व सुमारे ३००० या काळी होत्या. म्हणून हे वचन त्या काळचे, असा दीक्षितांचा युक्तिवाद. लोकमान्य टिळकांनी ‘ओरायन’ (१८९३) या इंग्रजी ग्रंथात वसंतसंपात मृगात असल्याचा काळ शोधताना प्रजापतीचे मृगरूप, रुद्राचा बाण अशा कथांचा मोठा आधार घेतला होता. कथेचे अर्थ अनेक होऊ शकतात. दीक्षितांनी निवडलेले वचन निदान दिशेविषयी आहे आणि ते गणिताने पडताळता येते. म्हणून टिळकांच्या प्रतिभेविषयी संपूर्ण आदर बाळगूनही दीक्षितांची पद्धत आम्हांस अधिक भक्कम वाटते.

तरीही येथे दीक्षितांशी आमचा मतभेद आहे, आणि तो स्पष्ट नोंदवणे हाच त्यांचा खरा मान होय. ज्या प्रकरणात हे वचन येते तेथे कृत्तिकांची स्तुती चालली आहे. इतर नक्षत्रांत तारे थोडे, कृत्तिकांत पुष्कळ. त्या एके काळी सप्तर्षींच्या पत्नी होत्या, अशी कारणे त्याच दमात येतात. हा अर्थवाद आहे, वेधाची नोंद नव्हे. शिवाय त्या काळी कृत्तिकांचे विषुववृत्तापासूनचे अंतर सुमारे १८० वर्षांत एक अंशाने बदलत होते. क्षितिजावर नुसत्या डोळ्यांनी दोन-तीन अंशांचा फरक सहज निसटतो; म्हणजे निष्कर्षात तीनशे ते पाचशे वर्षांची ढिलाई आलीच. आणि वचन जुने असले तरी ते ज्या ग्रंथात आले तो ग्रंथ तेवढाच जुना ठरत नाही. भाषेच्या आधारे बहुतेक अभ्यासक शतपथ ब्राह्मण इ. स. पूर्व पहिल्या सहस्रकातले मानतात. कृत्तिकांची साक्ष खोटी नाही. पण एकट्या साक्षीदारावर एवढा मोठा निवाडा देता येत नाही.

पुढच्या पिढ्यांनी नेमका हाच निवाडा उचलला, याची आम्हांस खंत आहे. ‘पाच हजार वर्षे’ हा आकडा व्याख्यानांतून फिरत राहिला. दीक्षितांनी त्यामागे मांडलेले उघडे गणित, जे कोणालाही तपासता यावे, ते मागे पडले. प्राचीनांना आकाश लागत होते ते पेरणी, यज्ञ आणि प्रवास यांची वेळ साधण्यासाठी. आपल्याला ते मुख्यतः वंशावळीचा पुरावा म्हणून लागू लागले. परप्रांती वसलेल्या समाजाला हा मोह अधिक होतो, कारण आपलेपण जपण्याची चिंता त्याला रोजची असते. आम्हीही त्यातून सुटलो आहोत असे म्हणवत नाही.

यावर उतारा आपल्याच परंपरेत आहे. सहाव्या शतकात वराहमिहिराने बृहत्संहितेत नोंदवले की पूर्वी दक्षिणायन आश्लेषांच्या मध्यापासून होत असल्याचे जुन्या शास्त्रांत आहे, आता ते कर्काच्या आरंभापासून होते. आणि संशय असेल त्याने दूरच्या खुणेवरून सूर्याचे उदयास्त पाहावेत, शंकूची छाया मोजावी. जुने वचन त्याने खोटे ठरवले नाही आणि आजच्यावर लादलेही नाही. दीक्षित आपल्या उत्तम प्रकरणांत याच वाटेने जातात.

आपल्या जुन्या वाचनालयांत हा ग्रंथ अजून कोठे कोठे सापडेल. तो काढून किमान महिन्यांचे आणि वेदांगज्योतिषाचे प्रकरण घरातल्या तरुणांसोबत वाचावे, कागद-पेन्सिल घेऊन १८३० दिवसांचा हिशेब करावा, अशी आमची विनंती आहे. पुढच्या सावनात शेजाऱ्यांशी तोच वाद निघाला, तर निदान तैत्तिरीय संहितेतल्या त्या दोन्ही चालींची आठवण उभय पक्षांस करून देता येईल.