निर्माता : कुंभाराचं गाढव की जामीनदार? – आनातोल दोमाँ यांच्या कारकिर्दीविषयी

चित्रपटाविषयी आपण बोलतो तेव्हा बहुधा दिग्दर्शकाविषयी बोलतो. आज आपल्याला एका निर्मात्याविषयी बोलायचं आहे. आनातोल दोमाँ हे त्यांचं नाव. ते आपल्यापैकी फारच थोड्यांनी ऐकलं असेल. पण आलँ रेनेचा 'हिरोशिमा मोनामूर', क्रिस मार्केरचा 'ला जते', ओशिमाचा 'इन द रेल्म ऑफ द सेन्सेस', विम वेंडर्सचा 'विंग्ज ऑफ डिझायर' यांतलं एखादं तरी चित्र फिल्म सोसायटीच्या पडद्यावर किंवा आता घरच्या पडद्यावर आपण पाहिलेलं असतं. या चारही चित्रपटांच्या मागे दोमाँ यांची 'आर्गोस फिल्म्स' ही संस्था उभी आहे.

मग हे नाव आपल्या ध्यानात का राहत नाही? याचं उत्तर शोधायला आपण न्यायशास्त्रातलं एक जुनं उदाहरण हाताशी घेऊ. घट तयार होतो. माती हे त्याचं समवायी कारण. कुंभार, चाक, दंड ही निमित्तकारणं. आता माती पाठीवर वाहून आणणारं जे गाढव, त्याचं काय? घट होण्याच्या आधी ते हजर होतं, हे खरंच आहे. तरी नैयायिक त्याला कारण मानत नाहीत. ते त्याला 'अन्यथासिद्ध' म्हणतात. गाढव नसतं तरी माती दुसऱ्या कशातून आली असती आणि घट झाला असता. नुसतं आधी हजर असणं म्हणजे कारण असणं नव्हे, एवढाच त्याचा मथितार्थ.

चित्रपटाची समीक्षा निर्मात्याला बहुतेक वेळा असंच वागवते. पैसा याचा नाही तर त्याचा, चित्रपट झालाच असता, असं आपण गृहीत धरतो. काही निर्मात्यांच्या बाबतीत ते बरोबरही असेल. दोमाँ यांच्या बाबतीत ते बरोबर आहे का, हा आजचा प्रश्न. आणि यात आपली कसोटी सरळ आहे : हा माणूस वजा केला तर तोच चित्रपट उरतो का?

दोमाँ यांचा जन्म १९२५ चा, वॉर्सातला. १९४९ साली पॅरिसमध्ये त्यांनी फिलिप लिफ्शित्झ यांच्यासोबत आर्गोस सुरू केली. सुरुवात लघुपटांपासून झाली. लघुपटाचं अर्थकारण नीट समजून घ्या. त्याला स्वतःचं तिकीट नसतं. तो मुख्य चित्रपटाच्या आधी दाखवला जाई, म्हणजे लोक ज्यासाठी पैसे मोजतात ती वस्तू ती नव्हेच. तो सरकारी धोरणावर जगायचा, आणि धोरण बदललं की मरायला टेकायचा. म्हणून तर १९५३ च्या डिसेंबरात फ्रान्समधल्या लघुपटकारांनी 'तिसांचा गट' या नावानं एकत्र येऊन जाहीरनामा काढला. रेने त्यांच्यातलेच. ज्या धंद्यात नफ्याची शक्यता जवळजवळ नाही, तिथं दोमाँ यांनी आपलं दुकान मांडलं होतं.

पहिली मोठी कसोटी 'नुइ ए ब्रुयार' या ३२ मिनिटांच्या चित्रपटाची. नाझी छळछावण्यांवरचा हा चित्रपट दुसऱ्या महायुद्धाच्या इतिहासासाठी नेमलेल्या फ्रेंच समितीच्या पुढाकारानं झाला. म्हणजे 'स्वतंत्र निर्माता' याचा अर्थ शासनाचा पैसा न घेणारा, असा नव्हे. हे आधीच स्पष्ट करून घेतलेलं बरं. स्वातंत्र्य दिसतं ते पैसा घेतल्यानंतर. रेने आधी तयार नव्हते. आपण छावणी भोगलेली नाही, आपण कसं बोलणार, असा त्यांचा पेच होता. माउटहाउझेनमधून जिवंत परतलेले कवी जाँ केरोल यांनी निवेदन लिहायचं मान्य केलं, तेव्हा ते तयार झाले. संगीत हान्स आइस्लर यांचं.

चित्रपट पूर्ण झाला आणि अडचण आली. पितिव्हिए इथल्या छावणीच्या एका छायाचित्रात पहारा देणारा माणूस फ्रेंच पोलिसाची टोपी घालून उभा होता. म्हणजे माणसं पाठवण्यात फ्रेंचांचाही हात होता, याचा तो पुरावा. सेन्सॉरला ती टोपी नको होती. शेवटी छायाचित्रावर एक तुळई रंगवून टोपी झाकली गेली. त्यानंतर पश्चिम जर्मनीच्या दूतावासानं हरकत घेतली आणि १९५६ च्या कान महोत्सवात चित्रपट स्पर्धेतून काढला गेला. फ्रान्समध्ये आरडाओरडा झाला, आणि अखेर तो स्पर्धेबाहेर दाखवला गेला.

ही तुळई म्हणजे शरणागती का? आपण इथं घाई करू नये. टोपी झाकली नसती तर चित्रपट डब्यात पडून राहण्याचा धोका होता. झाकल्यावर तो शाळाशाळांतून पोचला, आणि झाकलेली टोपी हाच पुढे चर्चेचा विषय झाला. पण किंमत मोजली गेली, हेही लिहून ठेवलं पाहिजे. फ्रेंच प्रेक्षकांच्या एका पिढीनं आपल्याच पोलिसाचा चेहरा पाहिला नाही. शिवाय या चित्रपटाच्या निवेदनात ज्यू हा शब्द जवळजवळ येतच नाही, आणि तिथं तर सेन्सॉरचा काही संबंध नव्हता. तेव्हा चांगल्या निर्मात्याचा चित्रपट म्हणून त्याला सगळं माफ करू नका.

दुसरी कसोटी 'हिरोशिमा'. इथं आपला प्रश्न जास्त धारदार होतो. आर्गोसनं रेनेंकडे मागितला होता अणुबॉम्बवरचा माहितीपट. रेने काही काळ झटले आणि म्हणाले, हे जमत नाही. मी 'नुइ ए ब्रुयार'च पुन्हा करतोय. एरवी काय झालं असतं? निर्मात्यानं दिग्दर्शक बदलला असता. मागणी तीच, माणूस नवा. आर्गोसनं उलट केलं : माणूस ठेवला आणि मागणी बदलू दिली. मार्गरित द्युरास यांना लिहायला बोलावलं. त्यातून फ्रेंच बाई आणि जपानी पुरुष यांची, आठवणं आणि विसरणं यांची ती कथा आली. भांडवल एकट्या आर्गोसचं नव्हतं. जपानच्या दाइएई कंपनीसह इतरही भागीदार होते. १९५९ साली कानमध्ये तोही अधिकृत स्पर्धेबाहेरच राहिला, या वेळी अमेरिका दुखावेल म्हणून.

आता गाढव आठवा. माहितीपटाची ऑर्डर घेऊन निघालेली माती, वाटेत वळण घेऊन दुसऱ्याच भांड्यासाठी पोचते, आणि वाहणारा म्हणतो, चालेल. हे गाढव करत नाही. तोच पैसा दुसऱ्या कुणाचा असता तर आपल्याला अणुबॉम्बवरचा एक बरा माहितीपट मिळाला असता. 'हिरोशिमा मोनामूर' मिळाला नसता. म्हणजे इथं दोमाँ अन्यथासिद्ध ठरत नाहीत.

हाच स्वभाव पुढे पुन्हा दिसतो. १९६० च्या उन्हाळ्यात मानवशास्त्रज्ञ जाँ रूश आणि समाजशास्त्रज्ञ एदगार मोराँ यांनी पॅरिसच्या रस्त्यावर लोकांना विचारायला सुरुवात केली : तुम्ही सुखी आहात का? पटकथा नाही, नट नाहीत. क्विबेकहून मिशेल ब्रो यांना बोलावलं, कारण खांद्यावर हलका कॅमेरा घेऊन चालत चित्रण करणं त्यांना अवगत होतं. त्यातून 'क्रोनिक द्यँ एते' झाला. १९६२ चा 'ला जते' तर २८ मिनिटांचा आणि जवळजवळ संपूर्ण स्थिर छायाचित्रांचा. एका क्षणी मात्र झोपलेली बाई डोळे उघडते. चलच्चित्रासाठी पैसे घालायचे आणि हातात छायाचित्रांचा गठ्ठा घ्यायचा, याला व्यवहारी माणूस वेडेपणाच म्हणेल. ब्रेसाँ आणि गोदार यांच्या साठच्या दशकातल्या चित्रपटांतही आर्गोसची भागीदारी आहे. या सगळ्यांची शैली एक नाही. म्हणून दोमाँ यांना 'लेखक' म्हणण्याचा मोह आपण टाळू. त्यांची सही चौकटीत दिसत नाही. ती दिसते दिग्दर्शकाला दिलेल्या मोकळीकीत.

आता उलट बाजू. ती टाळली तर हे भाषण गौरवग्रंथातलं होईल. सत्तरच्या दशकात आर्गोसनं वालेरियान बोरोव्चिक यांचे कामुक चित्रपट काढले. ते चालले. फ्रान्समध्ये सेन्सॉरचा विळखा तेव्हा सैल होत होता आणि बाजार तयार होता. आपण हे लपवू नये : धैर्य आणि धंदा यांची वाट त्या काळात एकच होती.

याच वाटेवर ओशिमा भेटतात. १९३६ साली टोकियोत घडलेल्या एका खऱ्या प्रकरणावर त्यांना चित्रपट करायचा होता, शरीरसंबंध आडपडदा न ठेवता दाखवून. जपानी कायद्यात ते शक्य नव्हतं. म्हणून व्यवस्था अशी झाली : फिल्म फ्रान्समधून आली, चित्रीकरण जपानमध्ये झालं आणि न धुतलेली फिल्म परत फ्रान्सला गेली. कागदोपत्री चित्रपट फ्रेंच. १९७६ साली तो कानमध्ये दिग्दर्शकांच्या विभागात दाखवला गेला. त्याचं फ्रेंच नाव 'लांपीर दे सांस' हे रोलाँ बार्थ यांच्या जपानवरच्या पुस्तकाच्या नावावरची कोटी आहे.

ही व्यवस्था बुद्धिमान होती, यात शंका नाही. दोमाँ वजा केले तर हा चित्रपट उरतच नाही. आपल्या कसोटीवर हे सर्वांत ठळक उदाहरण. पण पुढे काय झालं? जपानमध्ये पटकथा आणि छायाचित्रं असलेलं पुस्तक निघालं आणि अश्लीलतेचा खटला भरला गेला. आरोपीच्या पिंजऱ्यात कोण? ओशिमा. खटला आणि अपील मिळून वर्षानुवर्षं चाललं. १९७९ साली ते सुटले, १९८२ साली अपिलातही ती सुटका कायम राहिली. पॅरिसमधल्या निर्मात्यानं पैशाची जोखीम घेतली. कायद्याची जोखीम त्या माणसानं घेतली ज्याला त्याच देशात राहायचं होतं.

इथं आपल्याला न्यायशास्त्राच्या घटापाशी थांबता येत नाही. कारण कोण, हा प्रश्न सुटला. जबाबदार कोण, हा उरला. आपल्या व्यवहारात यासाठी एक चांगला शब्द आहे : जामीन राहणं. जामीनदार कर्ज घेत नाही, शेत पिकवत नाही, पण पीक बुडालं तर त्याच्या दारात जप्ती येते. जी वस्तू अजून अस्तित्वातच नाही, तिच्यासाठी दुसऱ्याच्या शब्दावर जामीन राहणं, हे स्वतंत्र निर्मात्याचं खरं काम. 'हिरोशिमा'त दोमाँ पुरते जामीन राहिले. ओशिमांच्या बाबतीत ते पैशापुरते जामीन होते. ओशिमा स्वतःहून त्यात उतरले होते, सज्ञान होते, आणि १९७८ साली दोघांनी मिळून पुन्हा चित्रपट केला. तेव्हा फसवणुकीचा आरोप करायचं कारण नाही. पण जोखमीची वाटणी असमान होती, हे म्हटल्याशिवाय समीक्षा पुरी होत नाही.

पुढची वर्षं मानसन्मानाची. 'द टिन ड्रम'च्या सहनिर्मितीत आर्गोस होती. १९७९ चं कानचं सर्वोच्च पारितोषिक त्याला विभागून मिळालं. १९८४ मध्ये 'पॅरिस, टेक्सस'ला तेच मिळालं. तार्कोव्हस्कींच्या शेवटच्या 'सॅक्रिफाइस'मध्येही आर्गोसचा वाटा आहे. आणि या मोठ्या नावांच्या मधोमध, १९८३ साली, त्याच मार्केरचा 'सां सोलेई' आहे, ज्याला बाजारात कोणत्या कप्प्यात ठेवायचं हे कुणालाच कळलं नसतं. तीस वर्षांपूर्वीच्या लघुपटवाल्याचा हात सोडलेला नाही, हे त्यातून दिसतं. १९९८ साली दोमाँ गेले.

तेव्हा श्रेयनामावली सुरू झाली की लगेच उठू नका. तिथं जे नाव येतं त्याला दोन प्रश्न विचारा. तुम्ही नसता तर हाच चित्रपट झाला असता का? आणि तो बुडाला असता, पकडला गेला असता, तर जप्ती कुणाच्या दारात आली असती? पहिल्या प्रश्नाला दोमाँ यांच्याकडे भक्कम उत्तर आहे. दुसऱ्याला अर्धं आहे. बहुतेक निर्मात्यांकडे दोन्हींना उत्तर नसतं, हे लक्षात घेतलं तर दीड उत्तर ही लहान कमाई नव्हे.

इथं थांबू या. आता तुमचे प्रश्न घेऊ.