उसने नाव आणि खरा आवेग

इ. स. १६६९ मध्ये क्लोद बार्बें या पॅरिसच्या प्रकाशकाने ‘पोर्तुगीज पत्रे’ हे लहानसे पुस्तक लेखकाच्या नावाविना प्रसिद्ध केले. मारियान नामक पोर्तुगीज जोगिणीने आपल्याला सोडून गेलेल्या फ्रेंच अधिकाऱ्यास लिहिलेल्या पाच पत्रांचा हा अनुवाद, अशी बतावणी होती. १८१० मध्ये ही पत्रे बेझा येथील मारियाना आल्कोफोरादो या प्रत्यक्ष होऊन गेलेल्या जोगिणीच्या नावावर मांडली गेली. १९२६ मध्ये एफ. सी. ग्रीन यांनी १६६८ च्या मुद्रण-परवान्यातील गियराग हे नाव उजेडात आणले. आज बहुतेक अभ्यासक त्यासच लेखक मानतात.

लेखक पुरुषच, हे रूसोने १७५८ मध्ये पैजेवर सांगितले होते. परंतु स्त्रीस उत्कट प्रेम वर्णिता येत नाही, हे त्याचे प्रमाण होते. निष्कर्ष ग्राह्य असला, तरी प्रमाण त्याज्यच होय.

या शोधाने पत्रांचा आवेग ओसरत नाही. प्रियकराहून आपली प्रीतीच आपल्याला अधिक प्रिय होती, हे मारियानला अखेरीस उमगते. ही सूक्ष्मता परकायाप्रवेशाचीच सिद्धी होय. अन्याय घडला तो वाचकांकडून. त्यांना भूमिका पुरेशी वाटली नाही. त्यांनी एका दिवंगत स्त्रीवर परक्याचा प्रणय लादला.

संगणकाच्या जाळ्यावरील निनावी मंडळांत आज जो प्रणय रंगविला जातो, त्यासही हीच कसोटी लावावी. कल्पित मुखवटा हा उभयपक्षी मान्य खेळ ठरू शकतो; दुसऱ्या जित्याजागत्या व्यक्तीचे नाव तिच्या संमतीवाचून पांघरणे, ही मात्र चोरी होय.