‘फँड्री’ आणि ओट्यावर बसलेले आपण

साक्रीत आमच्या गल्लीत डुकरं धरायला माणसं यायची, तेव्हा आम्ही पोरं ओट्यावर बसून बघायचो. एकदा त्यांच्यात आमच्याच वर्गातला मुलगा दिसला. आम्ही हाका मारल्या. त्याने मान वर केली नाही. पुढे इंजिनिअरिंगच्या पहिल्या वर्षी हॉस्टेलवर नागराज मंजुळेंचा ‘फँड्री’ (२०१३) पाहिला, तेव्हा ती मान आठवली.

अलीकडे होसेलितो रोद्रिगेस यांचा १९४८चा मेक्सिकन चित्रपट ‘आन्हेलितोस नेग्रोस’ पाहिला. सोनेरी केसांच्या आना लुइसाला काळी मुलगी होते. दोष नवऱ्याच्या रक्ताचा, असं समजून ती पोटच्या पोरीला दूर लोटते. प्रत्यक्षात, जिला ती तुच्छ लेखते ती घरातली काळी दाईच तिची जन्मदाती असते. इथे वारसा म्हणजे दडवलेलं गुपित. ते फुटतं, पश्चात्ताप होतो आणि आपण डोळे पुसून उठतो.

‘फँड्री’त गुपितच नाही. जब्या कैकाडी आहे, हे सगळ्या गावाला ठाऊक आहे. हे प्रकरण रूपारंगाचं आहे, असं वाटतं ते एकट्या जब्याला. म्हणून तो तोंडाला पावडर लावतो, नाक सरळ व्हावं म्हणून चिमटा लावतो आणि शालूला वश करणाऱ्या राखेसाठी काळ्या चिमणीमागे रानोमाळ हिंडतो. वारसा मात्र चेहऱ्यात नसून कामात आहे. मुलीच्या लग्नाला पैसे हवेत म्हणून कचरू (किशोर कदम) डुकरं धरायचं काम घेतो आणि पोरालाही त्यात ओढतो. मंजुळे या बापाला खलनायक करत नाहीत. त्याच्याकडे पोराला द्यायला दुसरं काही नाही, एवढंच दाखवतात.

डुक्कर हाती लागणार तोच शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं. सगळं कुटुंब ताठ उभं राहतं आणि डुक्कर निसटतं. हा प्रसंग विनोदी आहे. हॉस्टेलवर आम्ही सगळे हसलो होतो. पडद्यावर बघ्यांची गर्दी हसत होती, शालूही हसत होती. शालूला स्वतःचं मन मिळत नाही, ती जब्याच्या नजरेपुरतीच उरते, ही मला चित्रपटाची उणीव वाटते. पण त्या हसण्यापुरती ती अगदी खरी आहे.

शेवटी जब्या दगड भिरकावतो. तो थेट कॅमेऱ्याच्या दिशेने येतो आणि पडदा काळा होतो. मेक्सिकन चित्रपट प्रेक्षकाला रडवून मोकळं करतो, मंजुळे मोकळं करत नाहीत. हसणाऱ्यांनाही वारसा असतोच. आमच्या बापजाद्यांना डुकरं धरायला कधी कुणी बोलावलं नाही, आणि ओट्यावरची जागा आम्हाला न मागता मिळाली.

त्या मुलाने आमच्याकडे दगड भिरकावला नाही. दुसऱ्या दिवशी तो शाळेत आला, मागच्या बाकावर बसला. आम्ही पुन्हा हसलो.