ताईमहाराज प्रकरणांतील लबाडीचा पुरावा : एक परीक्षण

दत्तक, मृत्युपत्र व वाटणी यांच्या जुन्या दाव्यांचीं दप्तरें आतां संग्राहकांकडे येऊं लागलीं आहेत. नौपाड्यांतील एका स्नेह्यांनीं अशाच एका रुमालांतील दत्तकपत्र आम्हांस दाखविलें. त्याच्या पाठीवर निराळ्या शाईनें 'बनावट' एवढाच शेरा होता व तेवढ्यावरून तें त्यांनीं बनावट कागदांच्या यादींत घातलें होतें. शेरा प्रतिपक्षाच्या कारकुनाचा कीं न्यायाधीशाचा, हा प्रश्न कोणीं केलाच नव्हता. म्हणून ताईमहाराज प्रकरणाकडे पुन्हां पाहणें आम्हांस इष्ट वाटतें. चरित्रकारांनीं त्याची मांडणी सरकारचें वैर या एकाच सूत्रावर केली आहे. वैर होतें, यांत शंका नाहीं. परंतु त्या भरांत पुराव्याची रीत मागें पडली, आणि संशोधकास तीच अधिक उपयोगाची.

हकीगत वाचकांस विदित आहेच. पुण्याचे सरदार बाबामहाराज पंडित ७ ऑगस्ट १८९७ रोजीं वारले. मृत्युपत्रान्वयें टिळक, खापर्डे प्रभृति विश्वस्त झाले. मागाहून जन्मलेला मुलगाही अल्पावधींत गेला. २८ जून १९०१ रोजीं औरंगाबादेस जगन्नाथ या मुलाचें दत्तविधान झालें. ऑगस्टांत ताईमहाराजांनीं कोल्हापूरच्या बाळामहाराजांस दत्तक घेतलें व पहिलें दत्तक झालेंच नाहीं असें म्हटलें. १९०२ त ॲस्टनसाहेबांनीं प्रोबेट रद्द केलें. टिळकांवर खोटी साक्ष देणें, औरंगाबादच्या प्रवासाच्या हिशेबांत मागाहून मजकूर घुसडणें इत्यादि आरोप आले. १९०३ त शिक्षा झाली, ती ४ मार्च १९०४ रोजीं हायकोर्टानें रद्द केली. दिवाणी दावा मात्र चालूच राहिला. १९०६ सालीं निकाल जगन्नाथाच्या बाजूनें, १९१० सालीं हायकोर्टांत उलट, आणि २६ मार्च १९१५ रोजीं प्रिव्ही कौन्सिलांत पुन्हां सुलट.

या तीन निकालांत खरें मर्म १९१० व १९१५ यांच्या विरोधांत आहे. न्या. चंदावरकर व न्या. हीटन यांनीं टिळक-खापर्ड्यांच्या साक्षी अविश्वसनीय मानल्या; त्या मताचा अर्थ, या मंडळींनीं संगनमतानें शपथेवर खोटें सांगितलें, एवढा गंभीर होतो. लॉर्ड शॉ यांनीं दाखविलेला दोष असा कीं, पूर्वींच्या चौकशींतील जबान्या गठ्ठ्यानें पुराव्यांत आल्या. पण जीं वाक्यें साक्षीदाराविरुद्ध वापरावयाचीं, तीं उलटतपासणींत त्याच्यापुढें ठेवून खुलासा मागितला गेला नाहीं. १८७२ च्या पुरावा कायद्याचें १४५ वें कलम याच सावधगिरीचें आहे. विसंगति सांपडणें सोपें आहे. वर्षावर्षांच्या अंतरानें दिलेल्या जबान्यांत ती न सांपडेल तरच नवल. तिच्यापासून लबाडीपर्यंत जावयास मधली पायरी लागते, व १९१० च्या निकालांत तीच गाळली गेली, असें आमचें मत आहे.

आमच्या कामांत साक्षीदार मेलेले असतात, म्हणून ही पायरी अधिकच जपावी लागते. वहींत मजकूर घुसडल्याचा आरोप असेल, तर ओळींमधील अंतर, शाई, पानांची शिवण, बेरजेचा मेळ, आणि वही त्या काळांत कोणाच्या ताब्यांत होती, हें सर्व पाहून, लिहिणाराचा संभाव्य खुलासाही आपणच मांडावयास हवा. उलट पक्षीं, तीस वर्षांवरील कागद म्हणजे खरा, ही समजूतही चुकीची. जुन्या कायद्याचें ९० वें कलम (१ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियमाचें ९२ वें) योग्य ताब्यांतून आलेल्या कागदाची सही व हस्ताक्षर खरें मानण्याची मुभा न्यायालयास देतें. मजकुराच्या खरेपणाची हमी देत नाहीं.

एक गोष्ट टिळकांच्या अभिमान्यांस रुचणार नाहीं. ताईमहाराज दिवाणी निकालापूर्वींच वारल्या. १९१५ चा निकाल ऐकून खुलासा करण्यास त्या नव्हत्या. तो निकाल दत्तविधान झाल्याचा आहे. त्यावरून त्यांस बुद्ध्या खोटें बोलणारी, किंवा इतरांच्या हातचें बाहुलें, ठरविणारे लेखक जो न्याय टिळकांसाठीं मागतात तोच त्या विधवेस नाकारतात.

नौपाड्याच्या रुमालांत निकालाची नक्कल अद्याप हातीं लागलेली नाहीं. तोंवर यादींत 'बनावट' हा शब्द खोडून 'पाठीवर बनावटीचा शेरा, लिहिणारा अज्ञात' अशी नोंद करावी, असें आम्हीं सुचविलें आहे.