गहाण घराचें उड्डाण

आकाशगमनाची कल्पना आपल्याकडे नवी नाहीं. दादासाहेब फाळके यांनीं १९१७ सालीं 'लंकादहन' या मूकपटांत मारुतिरायाला उडविलें, तेव्हां तें उड्डाण प्रेक्षकांच्या ओळखीचेंच होतें; नवा होता तो पडदा. परंतु ज्याच्यापाशीं ना सिद्धि ना पुण्याई, असा संसारी माणूस आकाशांत कशाला जाईल? विन्सर मॅके या अमेरिकन चित्रकारानें पुत्र रॉबर्ट याच्यासह १९२१ सालीं केलेल्या 'द फ्लाइंग हाऊस' या हालत्या रेखाचित्रांच्या मूकपटांत याचें मार्मिक उत्तर आहे: तो कर्ज चुकविण्यासाठीं जाईल!

घर गहाण पडलेलें. गृहस्थ त्या घरालाच पंख बसवितो आणि सावकाराच्या हातावर तुरी देऊन सपत्नीक उडतो. चंद्रावरचा राक्षस त्यांना माशीप्रमाणें झोडपूं पाहतो. पुढें इंधन संपतें. अखेर पृथ्वीवरून सुटलेल्या अग्निबाणानें घराच्या ठिकऱ्या उडतात आणि बायको दचकून जागी होते. जड जेवणाचें तें स्वप्न!

थट्टेच्या या चित्रांत मॅके आकाशाची मात्र थट्टा करीत नाहीं. पृथ्वी-चंद्रांचें भ्रमण ज्योतिर्गणितास धरून काढलें आहे, अशी शिक्षक-विद्यार्थ्यांस उद्देशून पाटीच तो दाखवितो. म्हणूनच त्या काळ्या पोकळींतलें एवढेंसें घर पाहतांना हसूं ओठांवरच थबकतें. याउलट १९२८ सालच्या 'अ‍ॅस्ट्रोनोमियस'मधील फेलिक्स मांजर पाहा. त्याच्या शेपटीचें हवें तें हत्यार होतें. मग अंतराळ तरी त्याला शेजारच्या गल्लीहून निराळें कसें वाटावें? फेलिक्स अधिक हंसवितो, हें खरें. पण त्याला गमावण्यासारखें कांहींच नाहीं.

मॅकेच्या चित्रांत एकच उणें दिसतें. जागें करून पात्रांची सुटका करणें हा त्याच्या व्यंगचित्रमालेचा जुना प्रघात. येथें त्यामुळें ऋणाचा प्रश्न अर्ध्यावरच विरतो. तरीहि, ज्या सोलापुरानें गिरण्यांचे भोंगे ऐकले आणि ते थांबल्यावरची शांतताहि ऐकली, तेथल्या रसिकाला या विनोदाचें मर्म निराळें सांगावयास नको. डोक्यावरचें छप्पर राखण्यासाठीं माणूस चंद्रापर्यंत पळेल. पण घरच पाठीवर घेतल्यावर त्याचें ओझें मागें कसें राहावें?