प्रौढ स्त्रीप्रतिमेची स्थित्यंतरे : रोहिणी हट्टंगडी यांच्या भूमिकांच्या संदर्भात

हिंदी व मराठी दृश्यमाध्यमांतील प्रौढ स्त्रीचे चित्रण कसकसे पालटत गेले, हे तपासण्यासाठी रोहिणी हट्टंगडी यांची अभिनयकारकीर्द विशेष उपयुक्त ठरते. 'सारांश' (१९८४) या चित्रपटात पुत्रवियोगाने खचलेली वृद्ध पार्वती त्यांनी साकारली, तेव्हा त्यांचे वय अवघे ३३ वर्षांचे होते. 'अग्निपथ' (१९९०) मध्ये तर आपल्याहून वयाने मोठ्या असलेल्या अमिताभ बच्चन यांच्या त्या आई झाल्या. पडद्यावरील प्रौढत्व हे वयाचे नव्हे, तर नात्याचे नाव होते, याची ही बोलकी साक्ष होय.

या दोन्ही भूमिकांना नैतिक वजन आहे. पार्वतीची पुनर्जन्मावरील श्रद्धा पतीच्या विवेकवादापुढे ठाम उभी राहते. 'अग्निपथ'मधील आई मुलाचा मार्ग नाकारते. तथापि दोघींचेही भावविश्व पुत्राभोवतीच फिरते.

दूरचित्रवाणी मालिकांनी या प्रतिमेला सत्ता दिली. ई-टीव्ही मराठीवरील 'चार दिवस सासूचे' (२००१-२०१३) या मालिकेत सासू कथेच्या केंद्रस्थानी आली आणि हट्टंगडी घरोघरी पोहोचल्या. परंतु ही सत्ता घराण्याची राखण करण्यापुरती होती. स्वतःसाठी काही मागण्याची मुभा तीत नव्हती. ही मुभा पुढे झी मराठीवरील 'अग्गंबाई सासूबाई' (२०१९-२०२१) या मालिकेने दिली. निवेदिता सराफ यांनी रंगवलेली आसावरी उतारवयात पुनर्विवाह करते आणि त्यासाठी तिची सूनच पुढाकार घेते. सासू-सून संघर्षाच्या रूढ चौकटीला येथे छेद जातो.

केदार शिंदे दिग्दर्शित 'बाईपण भारी देवा' (२०२३) हा चित्रपट याच्याही पुढे जातो. हट्टंगडी येथे सहा बहिणींपैकी एक आहेत. मंगळागौर हे परंपरेने नवविवाहितेचे व्रत. त्यातील खेळ या बहिणी स्पर्धेच्या निमित्ताने खेळतात. झिजलेल्या, दुखऱ्या देहालाही खेळण्याचा आनंद असतो, हे चित्रपट ठसवतो. सत्तरी ओलांडलेली अभिनेत्री आता आपल्या वयानिशी पडद्यावर वावरते, हेही महत्त्वाचे.

मात्र या कलाकृतींची शीर्षकेच पुरेशी सूचक आहेत : सासू, सासूबाई, बाईपण. नात्याकडून स्त्रीत्वाकडे झालेला हा प्रवास खरा. पण प्रौढ स्त्रीचे कर्तृत्व, तिची बुद्धी आणि तिचे घराबाहेरचे काम हा कथेचा मुख्य विषय होण्यास अजून बराच अवकाश आहे. तोवर या परिवर्तनाला अर्धेच म्हणावे लागेल.