भव्यता आणि सुरक्षित खुर्ची : किंग क्रिम्झनचा पहिला अल्बम



गेल्या खेपेला आपण कांटच्या उदात्ताच्या कल्पनेपाशी थांबलो होतो. १७९० च्या ग्रंथात तो जे म्हणतो ते थोडक्यात असं : वादळ, खवळलेला समुद्र, अंगावर येणारा कडा यांत भव्यता जाणवायची असेल, तर पाहणारा सुरक्षित जागी असला पाहिजे. बुडणाऱ्याला समुद्र उदात्त वाटत नाही. आज ही अट आपण एका अल्बमला लावून पाहू : किंग क्रिम्झन या इंग्लिश बँडचा पहिला अल्बम, ‘इन द कोर्ट ऑफ द क्रिम्झन किंग’. १९६९ च्या जुलै-ऑगस्टमध्ये लंडनच्या वेसेक्स स्टुडिओत तो ध्वनिमुद्रित झाला आणि १० ऑक्टोबरला बाजारात आला. पाचच गाणी, एकूण पाऊण तासाच्या आत. निर्मातासुद्धा बँड स्वतःच.

या अल्बमवर एक जुना आक्षेप आहे, की हे सगळं फुगवलेलं आहे. रॉक वाजवणाऱ्या पोरांना सिंफनीचा आव आणायची काय गरज? आक्षेप अगदीच पोकळ नाही. तेव्हा आधी हा आव कशाने आणला आहे ते पाहू.

आपण आत्ता ‘एपिटाफ’ ऐकलं. त्यात व्हायोलिनचा मोठा ताफा वाजतो असं वाटतं ना? तिथे ताफा नाही. ते मेलोट्रॉन नावाचं पट्ट्यांचं वाद्य आहे. प्रत्येक पट्टीखाली टेपचा एक तुकडा असतो आणि त्यावर खऱ्या वाद्याचा एक सूर आधीच मुद्रित केलेला असतो. पट्टी दाबली की टेप फिरते. पण ती जेमतेम आठ सेकंद पुरते. मग बोट उचलायचं, टेप मागे जाऊ द्यायची. म्हणजे या वाद्यवृंदाचा दम आठ सेकंदांचा. इयान मॅकडोनल्ड ते वाजवतो तेव्हा सूर किंचित थरथरतो, आणि भव्यतेच्या पायाखालची जमीन हलतेय असं वाटत राहतं. खरा वाद्यवृंद आणला असता तर ‘एपिटाफ’ अधिक देखणं झालं असतं आणि, आमच्या मते, कमी खरं. कारण गाण्याचा विषयच ज्ञानाला लगाम न उरलेल्या जगाची भीती हा आहे. अणुबॉम्बच्या काळात कांटची सुरक्षित जागा कुठे शोधणार? ग्रेग लेकचा आवाज शेवटी त्याच भीतीवर परत परत येतो आणि ऐकणाऱ्याला खुर्चीत स्वस्थ बसू देत नाही.

पहिल्या गाण्यात, ‘ट्वेंटी-फर्स्ट सेंच्युरी स्किझॉइड मॅन’मध्ये, तर खुर्ची नाहीच. पीटर सिनफिल्डच्या शब्दांत नापाम येतो, म्हणजे व्हिएतनाम येतं. गाणाऱ्याचा आवाज मुद्दाम विकृत केलेला आहे. मधल्या भागात गिटार, सॅक्सोफोन, बास आणि ड्रम्स एकदम थांबतात, एकदम सुटतात, एका केसाचाही फरक नाही. गोंधळावरचं गाणं गोंधळ घालून करता येत नाही, हे रॉबर्ट फ्रिप आणि मायकेल जाइल्स यांना पक्कं कळलं होतं. सगळी शिस्त पाळून झाल्यावरच शेवटी ते सगळं कोसळू देतात. आणि लगेच ‘आय टॉक टू द विंड’ची बासरी येते. ही विश्रांती आहे खरी, पण शेजारी आग लागलेली असताना मिळालेली.

आता अडचणीची जागा, ‘मूनचाइल्ड’. बारा मिनिटांच्या या तुकड्यात गाणं जेमतेम अडीच मिनिटं. उरलेला वेळ गिटार, व्हायब्राफोन आणि ड्रम्स यांचं दबक्या आवाजातलं उत्स्फूर्त वादन. आपल्यापैकी बरेच जण संथ आलाप तासभर ऐकतात, तेव्हा इथे संथपणाची तक्रार करण्यात अर्थ नाही. फरक वेगळा आहे. आलापात गायक कितीही दूर गेला तरी षड्ज घरी वाट पाहत असतो. इथे घरच नाही. कल्पना म्हणून हे अल्बमला शोभतं, पण वादक एकमेकांचं ऐकताना जितके रमतात तितके ते आपल्याला गुंतवत नाहीत. हा भाग निम्मा चालला असता.

आणि शेवटचं शीर्षकगीत. इथे राजदरबार, विदूषक, जादूगार अशी सजावट आहे. मेलोट्रॉन पूर्ण जोरात, समूहस्वर वर चढत जाणारे. भीती आता वेशभूषा करून आली आहे आणि आपल्याला सुरक्षित खुर्ची परत मिळाली आहे. फुगवलेपणाचा आक्षेप सर्वांत जास्त इथे लागू पडतो. पण गाणं संपलं असं वाटतं, तेवढ्यात एक चिमुकला ऑर्गन जत्रेतल्या खेळण्यासारखी तीच धून वाजवतो. एवढा मोठा दरबार म्हणजे बाहुल्यांचा खेळ! मग बँड परत तुटून पडतो आणि मध्येच तोडल्यासारखा थांबतो. आमच्या मते हा ऑर्गन गाण्याला वाचवतो.

पुढे काय झालं? डिसेंबर १९६९ मध्ये मॅकडोनल्ड आणि जाइल्स यांनी बँड सोडला. मुखपृष्ठावरचा तो किंचाळणारा लाल चेहरा रंगवणारा बॅरी गॉडबर १९७० च्या फेब्रुवारीत वारला, अवघ्या चोविसाव्या वर्षी. आणि या वळणाच्या संगीतात मागून आलेल्या अनेकांनी मेलोट्रॉन घेतला, राजवाडे घेतले, लांबी घेतली. भीती तेवढी मागे ठेवली. प्रोग्रेसिव्ह रॉक बदनाम झालं ते त्यामुळे.

हा प्रश्न फक्त एका संगीतप्रकाराचा नाही. आज युद्ध आपल्या हातातल्या फोनवर दिसतं, चांगल्या कॅमेऱ्याने टिपलेलं, कधी पार्श्वसंगीतासह. ते भव्य दिसतं, कारण आपण खुर्चीत आहोत. अशा वेळी कलाकृतीला एक साधा प्रश्न विचारावा : ही माझी खुर्ची घट्ट करते की हलवते? या अल्बममधली दोन गाणी ती नक्की हलवतात, तिसरं शेवटच्या दोन मिनिटांत हलवतं. पन्नासहून अधिक वर्षांनंतर एवढं पुष्कळ झालं.

आता ‘मूनचाइल्ड’च्या बाजूने ज्यांना भांडायचं असेल, त्यांनी हात वर करावा.